कल्पित जगासाठी जादूचा आरसा घडवताना

जादूचा आरसा कथेत आणणे सोपे असते, पण तो कथेत सांभाळणे अवघड जाते. पहिल्या प्रकरणात राजपुत्री आरशासमोर उभी राहते, काचेवर धुके दाटते, आरसा शत्रूचा ठावठिकाणा सांगतो आणि वाचक खूश होतो. पाचव्या प्रकरणात तीच राजपुत्री रानात वाट चुकते तेव्हा मात्र वाचक विचारतो की हिने आरशालाच का विचारले नाही. लेखकाने याचे उत्तर आधी ठरवलेले नसेल, तर ‘आरसा त्या दिवशी रुसला होता’ अशी काहीतरी सारवासारव करावी लागते आणि तिथून पुढे त्या जगातल्या कुठल्याच नियमावर कुणाचा विश्वास राहत नाही.

दिवाळी अंकासाठी दीर्घकथा लिहिणाऱ्यांना, कादंबरीची जुळवाजुळव करणाऱ्यांना आणि सुटीच्या दिवशी टेबलाभोवती मित्र जमवून कथाखेळ चालवणाऱ्यांना उपयोगी पडेल अशी एक पद्धत येथे पायरीपायरीने मांडली आहे. खऱ्या आरशाचे सगळे नियम जसेच्या तसे ठेवायचे, त्यांतला फक्त एक मोडायचा आणि बाकीच्यांना त्या मोडलेल्या नियमाशी झगडू द्यायचे, एवढाच तिचा गाभा आहे. उदाहरण म्हणून ‘खारवेळ’ नावाच्या कल्पित बंदरातला एक आरसा आपण शेवटपर्यंत घडवत नेऊ. बंदराच्या दप्तरात त्याची नोंद ‘गोदी-दर्पण’ अशी आहे, पण लोक त्याला ‘भिंतबोल्या’ म्हणतात. जुन्या वस्तूला दप्तरातले एक आणि लोकांच्या तोंडचे एक अशी दोन नावे दिली की ती वापरातली वाटते.

पहिली पायरी: आरसा कशाचा आहे?

जादू ठरवण्याआधी धातू किंवा काच ठरवावी, कारण आरशाच्या पदार्थाबरोबर त्या जगाची खाणकामाची विद्या, व्यापार आणि कारागीर आपोआप येतात. माणसाने घडवलेल्या सर्वांत जुन्या आरशांपैकी काही आजच्या तुर्कस्तानातील चाताल-ह्युयुक येथे सापडले. सुमारे ८,००० वर्षांपूर्वीचे ते आरसे ज्वालामुखीतून आलेल्या काळ्या काचेचे, घासून गुळगुळीत केलेले आहेत. अशा आरशात चेहरा दिसतो, पण अंधाऱ्या विहिरीत वाकून पाहिल्यासारखा. मेक्सिकोतील अ‍ॅझ्टेक लोकांच्या तेझ्कात्लिपोका या देवाच्या नावाचा अर्थच ‘धुमसता आरसा’ असा लावला जातो, आणि इंग्लंडच्या पहिल्या एलिझाबेथ राणीच्या दरबारातील विद्वान जॉन डी यांचा म्हणून ओळखला जाणारा काळा आरसा ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. त्याचा दगड मेक्सिकोतील पाचुका भागातला असल्याचे २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तपासणीतून निष्पन्न झाले. तुमच्या जगात असा आरसा हवा असेल, तर कुठेतरी ज्वालामुखी हवा, आणि तो दूर असेल तर तिथून माल आणणारा व्यापारी मार्गही हवा.

दुसरा पर्याय कांशाचा. सिंधू संस्कृतीच्या काळापासून आपल्याकडे धातूचे आरसे आहेत, आणि केरळमधील आरन्मुळा येथे आजही तांबे व कथील यांच्या मिश्रधातूचा आरसा ओतून, घासून तयार केला जातो. त्याला भौगोलिक मानांकन मिळालेले आहे. अशा उच्च कथिलाच्या कांशात कथलाचे प्रमाण साधारण एक तृतीयांश असते, त्यामुळे तो धातू कमालीचा चकाकतो, पण ठिसूळही होतो. धातूचा आरसा हातातून पडला तर त्याला फार तर पोचा येईल, असे अनेक कथांत गृहीत धरलेले असते. हा आरसा मात्र काचेसारखा फुटतो, आणि कथेतला एखादा महत्त्वाचा प्रसंग एवढ्या एका माहितीवर उभा राहू शकतो.

तिसरा पर्याय काचेचा. व्हेनिसच्या राज्यकर्त्यांनी १२९१ मध्ये काचभट्ट्या मुरानो बेटावर हलवल्या. पुढे तिथल्या कारागिरांनी कथील आणि पारा यांचा लेप काचेमागे देऊन केलेले आरसे युरोपभर गाजले. पाऱ्याच्या वाफेने कारागिरांच्या प्रकृतीचे होणारे हाल हा त्या वैभवाचा दुसरा भाग होता. १८३५ मध्ये युस्टुस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने काचेवर चांदीचा पातळ थर बसवण्याची रीत दाखवली आणि पुढे आरसा सामान्य घरांत पोहोचला. तात्पर्य असे की, गवताने शाकारलेल्या झोपड्यांच्या गावात पुरुषभर उंचीचा सपाट काचेचा आरसा दिसला, तर तो कुठून आला हे सांगण्याची जबाबदारी तुमच्यावर येते.

मुंबईत राहणाऱ्या लेखकाला हे सगळे पुस्तकातच वाचण्याची गरज नाही. चोरबाजारातील मटन स्ट्रीटवर सागवानी चौकटीतले जुने आरसे भिंतीला टेकून ठेवलेले असतात. त्यांचा पारा कुठून उडाला आहे ते बारकाईने पाहावे. आपल्या दमट, खाऱ्या हवेत ओल बहुधा कडेने मागच्या रंगाखाली शिरते, म्हणून काळपट डाग काठाला आधी धरतात आणि हळूहळू आत सरकतात. चौकटीच्या खालच्या पट्टीशी, जिथे पुसताना पाणी साचते, तिथे हा काळा पट्टा सर्वांत रुंद असतो. कांशाची ओळख करून घ्यायची तर पायधुणीजवळच्या तांबाकाट्यावर जाऊन एखादी कांशाची वाटी टिचकी मारून ऐकावी.

दुकानात उभ्या उभ्या एक प्रयोगही करून घ्यावा. नखाचे टोक काचेच्या आरशाला टेकवले, तर नख आणि त्याचे प्रतिबिंब यांच्यात थोडी फट दिसते, कारण परावर्तन काचेमागच्या थरावरून होते. धातूच्या आरशात मात्र दोन्ही नखे एकमेकांना भिडतात. तुमच्या जगातला सराफ खरा आरसा आणि नकली आरसा कसा ओळखतो, याचे उत्तर इथेच मिळून जाते. भिंतबोल्यासाठी आपण कांसे घेऊ: दीड वीत रुंद, गोल, मागे मूठ असलेला आणि सुरुवातीला दोन सूत जाडीचा.

दुसरी पायरी: कोणता एक नियम मोडायचा?

आरशाचे नियम शाळेत शिकलेले असले, तरी कथाकार म्हणून ते पुन्हा एकदा तपासावेत. सपाट आरशात वस्तू जितकी पुढे तितकेच प्रतिबिंब मागे दिसते. अंगभर पाहण्यासाठी आपल्या उंचीच्या निम्मा आरसा पुरतो आणि मागे सरकल्याने त्यात काही फरक पडत नाही. आरसा डावे-उजवे बदलतो असे आपण म्हणतो, पण प्रत्यक्षात तो पुढचे-मागचे उलटवतो. काटकोनात जोडलेल्या दोन आरशांत तीन प्रतिबिंबे दिसतात, आणि त्यांच्या सांध्यात स्वतःकडे पाहिले तर जगाला आपण जसे दिसतो तसे, न उलटलेले दिसतो.

यांतला कुठलाही नियम मोडता येतो, पण सगळे सारखे फळ देत नाहीत. ‘प्रतिबिंब उशिरा हलते’ ही कल्पना अंगावर काटा आणते, मात्र भयकथेपलीकडे फार पोहोचत नाही. त्याहून सुपीक नियम म्हणजे प्रकाशाची वाट दोन्ही दिशांनी चालते हा: आरशात मला तुमचे डोळे दिसत असतील, तर तुम्हालाही माझे डोळे दिसतात. दूरचे दाखवणारा आरसा तुमच्या राजाकडे असेल आणि हा नियम तुम्ही अबाधित ठेवलात, तर ज्याच्यावर नजर ठेवायची त्यालाही राजा दिसणार. मग राजा मुखवटा घालून आरशासमोर बसतो, हेर दालनातले दिवे मालवतो आणि शत्रू मुद्दाम आपल्या खोलीत खोटे नकाशे पसरून ठेवतो. नवीन जादू न घालता तीन प्रसंग हाती आले.

भिंतबोल्यासाठी मात्र आपण वेगळा नियम घेऊ, आणि त्याचा आधार खरा आहे. प्राचीन चीनमध्ये आणि पुढे जपानमध्ये कांशाचे असे आरसे घडवले गेले की ज्यांत पाहिले तर साधा चेहरा दिसतो, पण त्यांवरून परावर्तित झालेले ऊन भिंतीवर पडले, की आरशाच्या पाठीवर कोरलेली नक्षी त्या उजेडात उमटते. आरपार छिद्र नसतानाही हे घडते, कारण घासताना पत्र्याचे जाड आणि पातळ भाग किंचित वेगवेगळे वाकतात. डोळ्याला न कळणारी ही वक्रता प्रकाशाला मात्र कळते आणि काही ठिकाणी तो गोळा होतो, काही ठिकाणी विखुरतो. पत्रा घासून पुरेसा पातळ झाल्यावरच नक्षी उमटू लागते, हेही लक्षात ठेवावे. पुढे ते फार कामाला येणार आहे.

आपण यातली एकच गोष्ट बदलू. भिंतबोल्याची पाठ कोरी आहे, आणि भिंतीवरच्या कवडशात जी आकृती उमटते ती प्रश्न विचारणाऱ्याची हरवलेली वस्तू जिथे आहे त्या जागेची असते. आरशात डोकावणाऱ्याला स्वतःच्या चेहऱ्याखेरीज काहीच दिसत नाही.

तिसरी पायरी: कवडशाचे गणित

या पायरीवर बहुतेक लेखक कंटाळतात, आणि माझ्या मते नेमकी हीच पायरी आरशाला खरेपणा देते. घरात सकाळचे ऊन येणारी एक खिडकी, स्टीलची सपाट ताटली आणि समोर पांढरी भिंत एवढे असले की पुरते. ताटलीवरून कवडसा भिंतीवर पाडला, की ताटली डोळ्यांना सपाट वाटत असूनही तिच्यातले पोचे आणि बफिंगचे वळसे भिंतीवर उजळ-काळ्या रेषांनी दिसू लागतात.

आता तीन मीटरवरच्या भिंतीचा हिशेब करू. हातातला आरसा एक अंश हलला, तर परावर्तित किरण दोन अंश सरकतो, म्हणजे कवडसा सुमारे १० सेंटीमीटर उडी मारतो. आरसा चौरंगावर घट्ट बसवला, तरी सूर्य तासाला १५ अंश सरकत असल्याने कवडसा मिनिटाला एक सेंटीमीटरहून अधिक चालत राहतो. शिवाय सूर्य ठिपका नसून आकाशात सुमारे अर्ध्या अंशाची थाळी आहे, त्यामुळे तीन मीटरवर कवडशाची प्रत्येक कड जवळपास पावणेतीन सेंटीमीटर धूसर होते.

या आकड्यांतून भिंतबोल्याचा स्वभाव ठरतो. तो अक्षरे लिहू शकत नाही, कारण धूसर कडांत अक्षरे बुजून जातील. तो खाडीचे वळण किंवा टेकडीची कड दाखवील, दाराचा क्रमांक दाखवणार नाही. ज्याचा हात कापतो त्याला काही वाचता येणार नाही, म्हणून म्हाताऱ्या किंवा घाबरलेल्या माणसाला दुसऱ्यावर अवलंबून राहावे लागेल. आकृती चालत असल्यामुळे ती कोळशाने भिंतीवर पटापट उतरवून घेणारा कुणीतरी हवा. भिंत नुकती चुन्याने सारवलेली हवी. आणि चार महिने पावसाळा: खारवेळ कोकणासारखे बंदर असेल, तर जूनपासून सप्टेंबरपर्यंत आरसा जवळपास मुका राहील. पाचव्या प्रकरणात राजपुत्रीने आरशाला का विचारले नाही? आषाढ होता म्हणून. वाचक हे विनातक्रार मान्य करतो, कारण ऊन नसले की कवडसा पडत नाही हे त्याला लहानपणापासून ठाऊक आहे.

मुंबईच्या अक्षांशावर मे महिन्याच्या मध्यास आणि जुलैच्या अखेरीस दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या खांबाची सावली नाहीशी होते. त्या क्षणी अंगणात आडवा ठेवलेला आरसा ऊन सरळ वर परत पाठवतो. खारवेळ याच अक्षांशावर ठेवले, तर वर्षातला तो एक दिवस (दुसरा बहुधा ढगांत जातो) सणाचा करता येईल किंवा त्या दिवशी आरसा झाकून ठेवण्याची सक्त चाल घालता येईल. मी चाल घालीन. सणापेक्षा निषेधातून प्रसंग लवकर जन्मतात.

चौथी पायरी: किंमत

जादूची किंमत ‘आयुष्यातली काही वर्षे’ अशी ठेवण्याचा मोह टाळावा. ती किंमत वाचकाला दिसत नाही, आणि तरुण नायकाला तर ती जाणवतही नाही. किंमत मोजता येण्यासारखी आणि प्रसंगात हाताला लागणारी असावी.

भिंतबोल्याने उत्तर दिले, की त्याच्या तोंडावर मळभ चढते आणि ते घासून काढल्याशिवाय पुढचा प्रश्न विचारता येत नाही. दर घासणीला केसाच्या जाडीएवढा धातू जातो. केस ०.०७ मिलिमीटर धरला, तर दोन सूत म्हणजे सुमारे सव्वासहा मिलिमीटर जाडीच्या आरशात उणेपुरे नव्वद प्रश्न मावतात. कथा सुरू होते तेव्हा आरसा पाव सूत उरला आहे, म्हणजे अकरा प्रश्न. हा आकडा पात्रांना ठाऊक असावा की नाही, हा निर्णय कथेचा सूर ठरवतो. कथाखेळात तो खेळाडूंना सांगून टाकावा. कादंबरीत तो फक्त घासणाऱ्या व्यक्तीला ठाऊक असणे जास्त परिणामकारक ठरते.

आता मघाची गोष्ट आठवावी: पत्रा पातळ होत जातो तशी नक्षी अधिक स्पष्ट उमटते. म्हणजे आरसा जाड होता तेव्हाच्या श्रीमंत पिढ्यांना अंधूक, दिशाभूल करणारी उत्तरे मिळाली, आणि आता मोजकेच प्रश्न उरले असताना तो पहिल्यांदा नीट बोलू लागला आहे. धातूच्या गुणधर्मातून अशी शोकांतिका आयती मिळत असताना लेखकाने वेगळा शाप रचण्याचे कारण राहत नाही.

पाचवी पायरी: आरशाभोवतीची माणसे

मौल्यवान वस्तूभोवती हक्क, नोंदवह्या आणि भांडणे जमतातच. आरसा बंदराच्या मालकीचा असला, तरी तो घासण्याची कला एका घराण्यात आहे. मालक बदलले, घासणारे बदलले नाहीत. प्रश्न विचारण्याची पाळी कोण ठरवते? ज्याची नाव बुडाली त्या तांडेलाला आधी की ज्याची वखर लुटली गेली त्या सावकाराला? मळभ काढण्यासाठी लागणारी भुकटी कुठून येते आणि ती कोण अडवून धरू शकतो? एवढे प्रश्न सोडवले तरी एका मोठ्या कथेला पुरेल इतके राजकारण उभे राहते.

श्रद्धांचा विचारही इथेच करावा. तान्ह्या बाळाला आरसा दाखवू नये, फुटका आरसा घरात ठेवू नये, अशा समजुती आपल्या घरांत अजून ऐकू येतात. त्या उचलून जशाच्या तशा दुसऱ्या जगात टाकण्यापेक्षा त्यांमागचा प्रश्न उचलावा: प्रतिबिंब हे माणूसच आहे का? मुंबईतल्या बंगाली मंडळींच्या दुर्गापूजेत मातीच्या मूर्तीला स्नान घालायचे असते तेव्हा मूर्ती विरघळू नये म्हणून तिच्या आरशातल्या प्रतिबिंबाला ते घातले जाते, आणि ते देवीला पोहोचले असे मानले जाते. तुमच्या जगात असेच मानत असतील, तर प्रतिबिंबाला केलेली इजाही पोहोचायला हवी, आणि मग न्यायालयात आरसा फोडणाऱ्यावर कोणता गुन्हा दाखल होतो हेही ठरवावे लागेल.

नकली आरसे विकणारे विसरू नयेत. इटालियन मानसशास्त्रज्ञ जोव्हान्नी कापूतो यांनी २०१० मध्ये दाखवले की मंद उजेडात आपल्याच चेहऱ्याकडे थोडा वेळ टक लावून पाहिले, की अनेकांना तो विद्रूप किंवा परका दिसू लागतो. म्हणजे खारवेळच्या गल्लीत अंधारी खोली, एक पणती आणि साधा आरसा घेऊन बसलेल्या भोंदूचा धंदा जादूशिवाय उत्तम चालेल, आणि त्याच्याकडे गेलेले लोक शपथेवर सांगतील की आरसा खरा आहे.

सहावी पायरी: लिहिताना

गूढ, अद्भुत, अलौकिक ही विशेषणे पहिल्या मसुद्यातून सरसकट काढून टाकावीत आणि प्रकाश कुठून आला, कशावर पडला, कुणाचा हात कुठे होता एवढेच लिहावे. आरसा बोलणारा असेल, तर तो राणीला ‘तू’ म्हणतो, ‘तुम्ही’ म्हणतो की ‘आपण’ म्हणतो हे आधी पक्के करावे आणि भांडणाच्या प्रसंगी ते बदलावे. मराठीत तेवढ्या बदलाने दरबार हादरतो. यमकात बोलणारे आरसे आता पुरे झाले. भिंतबोल्याच्या बाबतीत एखादा प्रसंग असा लिहिता येईल:

“मूठ छातीशी धरा, तांडेल, आणि श्वास हळू घ्या,” आक्का म्हणाली. कवडसा तुळईवरून घसरत खाली आला आणि चुन्याच्या पोपड्यापाशी थांबला. पोऱ्याने कोळसा उचलला. आधी नुसता उजेड होता. मग त्याच्या डाव्या कडेला एक काळपट वळण आले, त्याच्या पोटात दुसरे.

“ही आपली खाडी नाही,” पोऱ्या म्हणाला.

“आपलीच आहे,” तांडेल म्हणाला. “भरती नसतानाची.”

इथे जादू घडली असे कुठेही म्हटलेले नाही. तांडेलाला खाडी ओळखता येते आणि पोऱ्याला येत नाही, यातूनच बोट कोणत्या वेळी शोधायला निघावे लागेल हेही वाचकाला कळते.

सातवी पायरी: पडताळणी

आरशाचे सगळे नियम एका पानावर लिहावेत आणि ते पान कथा न वाचलेल्या, शक्यतो खोडकर डोक्याच्या मित्राला द्यावे. ‘या आरशाने झटपट श्रीमंत कसे होता येईल?’ एवढेच त्याला विचारावे. भिंतबोल्याच्या बाबतीत पहिले उत्तर बहुधा असे येईल की मुद्दाम वस्तू हरवून शत्रूच्या घरात टाकायची आणि मग त्या घराचा नकाशा भिंतीवर पाहायचा. अशी पळवाट सापडली, की तिला बुजवण्यासाठी नवा नियम घालण्याआधी ती कथेतच कुणीतरी वापरली असेल का ते पाहावे; खारवेळच्या एखाद्या सेनापतीने नव्वदपैकी निम्मे प्रश्न याच उद्योगात उधळले असतील, तर आरसा आज पाव सूतच का उरला आहे याचे कारणही मिळून जाते. पळवाट वस्तूची किंमतच बुडवत असेल तेव्हाच नियम बदलावा, आणि बदलला तर तो पहिल्या प्रकरणापासून बदलावा.

शेवटचा प्रश्न कथेत कुठे खर्च होणार, हे मात्र लिहायला बसण्यापूर्वी ठरवावे. तो सुटकेसाठी वापरला तर वाचक सुस्कारा सोडून पुस्तक मिटतो. जिला उत्तर आधीच ठाऊक आहे अशा व्यक्तीने तो केवळ दुसऱ्याला पटवून देण्यासाठी वापरला, तर वाचक तिच्यावर रागावतो. माझे मत या दुसऱ्या जागेला आहे, आणि ती व्यक्ती बहुतेक आक्काच असेल.